माचिस्तेचं वजन

‘काबिरिया’ या १९१४ सालच्या इटालियन मूकपटात एक धिप्पाड गुलाम साखळदंडाने दगडी जात्याला जखडलेला आहे. कार्थेज या उत्तर आफ्रिकेतल्या प्राचीन शहरात कित्येक वर्षं तो ते जातं ओढतो आहे. मग एक दिवस त्याचा रोमन धनी समोर येतो, ओळख पटते आणि माचिस्ते साखळी तोडतो. या प्रसंगाच्या बऱ्याच प्रती इंटरनेटवर फिरतात. त्यांतल्या अनेकांत हा माणूस जातं ओढत नाही, जात्याभोवती तुरुतुरु पळतो. साखळी तुटते ती सुतळीसारखी. आणि पाहणारा म्हणतो, जुन्या काळचा अभिनय, चालायचंच.

पण हा अभिनयाचा दोष नाही, प्रतीचा आहे. माचिस्ते झालेला बार्तोलोमेओ पागानो या नटाची पंधरा वर्षांची कारकीर्द वजनावर उभी होती. स्वतःच्या अंगाचं वजन, उचललेल्या वस्तूचं वजन आणि ती उचलण्याआधी खांद्यात साठणारा क्षण. लोकांपर्यंत पोचलेल्या प्रतींतून नेमकं तेच गळून पडलंय. सार्वजनिक पैशातून ज्या मूकपटांचा जीर्णोद्धार होतो ते सर्वांना खुले असावेत, आणि ते पूर्ण असावेत: चित्रणाच्या वेगाशी इमान राखून, मूळ रंगांत, आणि नटाच्या अंगाला फासलेल्या त्या काळ्या रंगासकट, जो आज पाहताना अवघडायला होतं. यातलं एक जरी वगळलं तरी पागानो नावाच्या नटाबद्दल आपण जे बोलू ते चुकीचं असेल.

आधी वेगाचं पाहू, कारण तिथे मतांना फारशी जागा नाही, नुसतं गणित आहे. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ फ्रेम बसतात. म्हणजे हजार फुटांच्या रिळात १६,००० फ्रेम. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवत. एका फेरीला ८ फ्रेम आणि सेकंदाला दोन फेऱ्या, म्हणून सेकंदाला १६ फ्रेम, हा ढोबळ पाया. या वेगाने ते रीळ १६ मिनिटं ४० सेकंद चालतं. बोलपट आल्यावर सेकंदाला २४ फ्रेम हा वेग कायम झाला; त्या प्रोजेक्टरवर तेच रीळ ११ मिनिटं ७ सेकंदांत संपतं. युरोपच्या दूरचित्रवाणीने २५चा वेग धरला, तिथे आणखी अर्ध्या मिनिटाची काटछाट.

इथवर बहुतेकांना ठाऊक असतं. पुढचं मात्र क्वचितच बोललं जातं. एक मीटर उंचीवरून सोडलेला दगड साधारण ०.४५ सेकंदांत जमिनीवर येतो. १६च्या वेगाने चित्रित केला तर तो ७ फ्रेममध्ये मावतो. त्याच ७ फ्रेम २४च्या वेगाने दाखवल्या की दगड ०.३० सेकंदांत खाली. हालचाल दीडपट झाली, पण गुरुत्वाकर्षण दीडपट झाल्यासारखं दिसत नाही. ते दीडच्या वर्गाने, म्हणजे सव्वादोन पटीने वाढल्यासारखं दिसतं. आता, पृथ्वीची ओढ बदलली असं काही आपला डोळा मानत नाही. जन्मभराचा त्याचा अनुभव वेगळा आहे. तो म्हणतो, वस्तूच लहान असणार. बोकडाचे पाय भराभर पडतात, हत्तीचे सावकाश. लहान लंबक जलद हलतो, मोठा हळू. या हिशेबाने १६वर चित्रित झालेला सहा फुटी पहिलवान २४वर दाखवला तर दोन फूट आठ इंचांच्या बाहुल्यासारखा हलतो. खेळण्यातली जहाजं पडद्यावर मोठी वाटावीत म्हणून त्यांचं चित्रण जास्त वेगाने करतात आणि ते सावकाश दाखवतात. तीच युक्ती इथे उलटी चालते. जहाजाचं खेळणं होतं.

इतर नटांना हा फटका कमी बसतो. चेहऱ्यावर खेळणाऱ्या नटीचं काही तरी शिल्लक राहतं. विनोदी नटाला तर थोडा जास्त वेग मानवतो. त्या काळातले कॅमेरावाले मारामारी आणि पळापळ मुद्दाम जरा कमी फेऱ्यांनी टिपत, म्हणजे पडद्यावर ती चपळ दिसे. ताकदीच्या नटाचं मात्र भांडवलच जातं. गज वाकवताना पागानो आधी काहीच करत नाही. पाय रोवतो, गज मुठीत धरतो, आणि मग मान आणि पाठीचा वरचा भाग फुगत जातो. हे ‘काहीच न करणं’ दोन सेकंदांचं असेल तर ताकद दिसते. सव्वा सेकंदावर आलं की उरतो तो फक्त हिसका.

आणि मामला नुसत्या नटाचा नाही. ‘काबिरिया’चा दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोने याने चाकांच्या गाड्यावर कॅमेरा ठेवून तो दृश्यातून हळूच सरकवण्याच्या योजनेचं पेटंट १९१२मध्ये घेतलं होतं. भव्य सेटची खोली जाणवावी यासाठी ती संथ तिरपी सरक होती. वेग वाढला की तिचा धक्का होतो. मोलोक या देवाच्या मंदिरातल्या बळींच्या प्रसंगासाठी इल्देब्रांदो पित्सेत्ती याने खास ‘अग्नीची सिंफनी’ रचली. ते संगीत आपल्या लयीत चालतं आणि दृश्य त्याच्या पुढे पळून जातं.

मग बरोबर वेग कोणता? इथे प्रामाणिक राहायला हवं: एकच आकडा नाही. हाताने फिरवणारा माणूस थकतो, उत्साहात येतो. एकाच चित्रपटात प्रसंगागणिक वेग बदलतो. चित्रगृहवालेही घाईत असले की प्रोजेक्टर पळवत. म्हणून जाणकार अनेक पुरावे लावून पाहतात: कारंज्याचं पाणी कसं पडतं, कापड कसं खाली येतं, गर्दी रस्त्यावरून कशी चालते, घोड्याची चाल, संगीताच्या वहीतल्या खुणा. त्यातून १६, १८ किंवा २० असा निर्णय होतो. तो चुकूही शकतो. पण निर्णय केला आणि तो लिहून ठेवला तर पुढच्याला तपासता येतो. २४वर नुसतं सोडून देणं हा निर्णय नव्हे, आळस आहे.

आता हा पागानो कोण? जन्म १८७८, जेनोवाजवळच्या सांत-इलारिओचा, आणि धंद्याने जेनोवा बंदरातला हमाल. तिथल्या बोलीत हमालांना ‘कामाल्ली’ म्हणतात आणि पाठीवर ओझी वाहणाऱ्या या लोकांचा त्या शहरात मोठा दबदबा. तुरिनच्या इताला फिल्म कंपनीला एक महाकाय गुलाम हवा होता. त्याआधी १९१३च्या ‘क्वो वादिस’मध्ये ब्रुतो कास्तेल्लानीचा उर्सुस बैलाशी झुंजून गाजला होता, ताकदवान सेवकाच्या भूमिकेला बाजार आहे हे कळलं होतं. तालमीत कमावलेलं प्रमाणबद्ध शरीर असलेले लोक तेव्हा कमी नव्हते. पागानोचं शरीर तसं कोरीव नाही. पोट आहे, मान आखूड, खांदे ओझ्याने रुंदावलेले. हे शरीर आरशासमोर घडलेलं नाही, गोदीत घडलंय, हे पडद्यावर लगेच कळतं. माझ्या मते त्याच्या यशाचं अर्धं कारण हेच. लुचानो आल्बेर्तिनी आणि मारिओ ग्वाइता-आउसोनिया यांच्यासारखे कसरतपटू आणि जोव्हान्नी राइचेविचसारखा खरा कुस्तीगीर या लाटेत त्याच्यासोबत होते. त्यांच्या उड्या जास्त नेत्रदीपक असतील, पण ओझं उचलावं तर पागानोनेच. (आपल्याकडे अण्णा साळुंके ग्रँट रोडच्या उपाहारगृहात स्वयंपाकी होते आणि फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले. सुरुवातीच्या सिनेमाला नट सापडले ते असे, कामावरून उचललेले.)

माचिस्ते हे नाव गाब्रिएले दान्नुन्त्सिओ या कवीने दिलं. हेराक्लीसच्या एका प्राचीन विशेषणावरून ते घेतलेलं. पडद्यावरच्या पाट्यांचा अलंकारिक मजकूरही त्याचाच, आणि त्या काळी जाहिरात अशी झाली की चित्रपट जणू त्यानेच केलाय. १८ एप्रिल १९१४ला तुरिनमध्ये पहिला खेळ झाला. प्रेक्षक बाहेर पडले ते ना कवीचं नाव घेत, ना नायकाचं. बोलत होते गुलामाबद्दल.

कंपनीने ते हेरलं. १९१५मध्ये ‘माचिस्ते’ नावाचा स्वतंत्र चित्रपट आला आणि त्याची रचना आजही चकित करते. संकटात सापडलेली एक तरुणी चित्रगृहात शिरते, तिथे ‘काबिरिया’ चालू आहे, पडद्यावरचा माचिस्ते पाहून ती इताला कंपनीच्या पत्त्यावर त्यालाच मदतीचं पत्र लिहिते. आणि तो येतो. कोटात, तुरिनच्या रस्त्यांवर, आधुनिक इटालियन सद्गृहस्थ म्हणून. १९१६च्या ‘माचिस्ते आल्पिनो’मध्ये तो डोंगरी पलटणीत जातो आणि ऑस्ट्रियन शिपायांना पोत्यांसारखा फेकतो, इटली तेव्हा प्रत्यक्ष युद्धात होती. महायुद्धानंतर इटालियन उद्योग कोसळल्यावर विशीच्या दशकाच्या सुरुवातीला तो जर्मनीत काम करून आला. परतल्यावर ‘सम्राट’ झाला (१९२४), नरकात गेला, १९२६मध्ये शेखशी लढला, सिंहांच्या पिंजऱ्यात उतरला. पाट्यांवर आणि भित्तिपत्रकांवर नाव मात्र बहुधा एकच, माचिस्ते. पागानोचं नाव पात्राने खाल्लं. जेनोवाजवळच्या घराचं नावही ‘विला माचिस्ते’. १९४७मध्ये तो तिथेच वारला. पुढे १९६०पासून मार्क फॉरेस्ट आणि इतर परदेशी व्यायामपटूंना घेऊन माचिस्तेचे दोन डझनांच्या आसपास नवे चित्रपट निघाले. इंग्रजी बाजारात त्यांना हर्क्युलस, सॅमसन अशी नावं चिकटवली गेली. नाव कंपनीचं, अंग भाड्याचं.

इथे कातडीचा प्रश्न येतो, आणि तो टाळून ही कारकीर्द सांगताच येत नाही. ‘काबिरिया’तला माचिस्ते काळा आहे. गोऱ्या पागानोचं सगळं अंग रंगवलेलं आहे. तो इमानी आहे, भोळा आहे, मालकासाठी जीव देणारा आहे. शेवटी जहाजावर मालक आणि नायिका एकमेकांच्या मिठीत असताना हा पावा वाजवतो. इटलीने १९११-१२मध्ये तुर्कांकडून लिबिया जिंकून घेतला होता, आणि कार्थेजवर रोमने मिळवलेल्या विजयाची गोष्ट त्यानंतर दोनच वर्षांनी पडद्यावर आली, तेव्हा तिचा अर्थ प्रेक्षकाला समजावून सांगावा लागला नसेल. पुढच्याच वर्षी तोच माचिस्ते गोरा. कोणी विचारलं नाही की रंग गेला कुठे. दहा वर्षांनी तो उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटातल्या शेखला लोळवतो आहे. म्हणजे ज्या प्रदेशाचा रंग त्याने सुरुवातीला अंगावर चढवला, त्याच प्रदेशाविरुद्ध तो शेवटी उभा.

यावर दोन प्रकारचे कार्यक्रम होताना दिसतात. एक, अडचण नको म्हणून ‘काबिरिया’ गाळायचा आणि नरकाचा किंवा डोंगरी पलटणीचा चित्रपट लावायचा. नरकाचा चित्रपट गमतीचा आहे, त्यातल्या करामती सेगुंदो दे चोमोनच्या आहेत, आणि लहानपणी पाहिलेला पहिला चित्रपट म्हणून दिग्दर्शक फेल्लिनी त्याची आठवण सांगत असे. त्यामुळे त्याला मागणीही असते. दुसरा प्रकार म्हणजे ‘काबिरिया’तला गज वाकवण्याचा तेवढा तुकडा कापून ‘जगातला पहिला सुपरहिरो’ म्हणून मिरवायचा. दोन्ही प्रकारांनी एकच होतं: माचिस्ते मुळापासूनच गोरा राष्ट्रवीर होता असं वाटतं. म्हणजे १९१५ साली कंपनीने जी सफाई केली, तीच आज आपण सदिच्छेने पुरी करतो.

पूर्ण दाखवा म्हणणाऱ्यांवर एक आक्षेप रास्त आहे. आफ्रिकेतून इटलीत आलेल्या कुटुंबातली मुलगी शाळेच्या सहलीत हा चित्रपट पाहायला बसली तर तिने काय करावं? तिच्यापुढे तो तयारीशिवाय लावू नये, हे मान्य. सुरुवातीला चार वाक्यांची माहिती द्यावी, नंतर चर्चेला वेळ ठेवावा. पण ती माहिती चित्रपटाच्या बाहेर असावी. फ्रेमवर सूचना छापणं, दृश्य पुसट करणं, रंग सुधारणं यांतलं काही नको. आपल्याकडे अजून राक्षस म्हटला की काळा रंग फासतात आणि कोणी वळून पाहत नाही, तेव्हा इटालियनांना फार उपदेश करण्याची आपली पात्रता नाही. पण पुराव्याशी छेडछाड नको, एवढं सांगायला पात्रता लागत नाही.

आणि हा रंग तरी मूळचा कुठे दिसतो? त्या काळची फिल्म लाल प्रकाश टिपत नसे. निळं आकाश तिच्यावर पांढरं येई, लाल ओठ काळे येत, आणि लालसर तपकिरी लेप असेल तर तो होता त्याहून खूपच गडद उमटे. नायट्रेट या त्या काळच्या ज्वालाग्राही फिल्मवरच्या मूळ प्रतीत तरीही त्या गडद भागात करड्या रंगाच्या अनेक छटा असतात. लेपावरच्या चकाकीने स्नायू उठून दिसतात. अशा प्रतीवरून दुसरी, दुसरीवरून तिसरी काढली की काळ्या-पांढऱ्यातला फरक वाढत जातो, छटा मरतात, आणि माणसाच्या जागी काळा आकार उरतो. फक्त डोळे आणि दात दिसतात. म्हणजे कुचकामी प्रत त्या भूमिकेतला वंशवाद कमी करत नाही, उलट वाढवते. पागानोने तरीही त्यात भरलेलं माणूसपण तेवढं पुसते.

बोलपटांच्या काळातल्या पुनर्प्रदर्शनांनी आणखी एक नुकसान केलं. ‘काबिरिया’ १९३१मध्ये संगीत आणि आवाज जोडून पुन्हा लावला गेला. मूकपटाची फ्रेम फिल्मवर छिद्रांपासून छिद्रांपर्यंत पूर्ण रुंदीची असते. ध्वनिपट्टी बसवायची तर चित्राच्या एका बाजूची अडीच मिलिमीटरच्या आसपासची जागा द्यावी लागते. मूळ चौकट लक्षात न घेता अशी प्रत काढली की कडेला उभा असलेला माणूस अर्धा कापला जातो आणि मधोमध उभा असलेला एका बाजूला सरकतो.

रंगाचंही तसंच. मूकपट काळे-पांढरे होते हा समज मुळात चुकीचा. बहुसंख्य प्रती रंगवलेल्या असत. तयार पट्टी रंगाच्या द्रावणात बुडवली की सगळी फ्रेम एका रंगाची: रात्रीला निळा, आगीला तांबडा, दिव्याच्या उजेडाला पिवळसर. दुसरी रीत म्हणजे रसायनाने चांदीच्याच जागी रंगीत संयुग आणायचं. मग काळे भाग निळे किंवा तपकिरी होतात आणि पांढरे पांढरेच राहतात. रात्रीचे प्रसंग भर दुपारी चित्रित करून निळ्यात बुडवले जात. पन्नास-साठच्या दशकांत जेव्हा नायट्रेटवरून सुरक्षित फिल्मवर प्रती काढल्या, तेव्हा स्वस्त पडतं म्हणून काळ्या-पांढऱ्या काढल्या. निळा गेला. आता चोर मध्यरात्री लख्ख उन्हात भिंतीवर चढतो आणि पहारेकऱ्याला दिसत नाही, आणि प्रेक्षक हसतो.

रंगामुळेच जीर्णोद्धारात एक अडचण येते जी बाहेरच्यांना सुचणार नाही. मूळ निगेटिव्ह बहुधा गोष्टीच्या क्रमाने लावलेलं नसतं. एकाच रंगात बुडवायचे तुकडे एकत्र गुंडाळलेले असतात. पाट्यांच्या जागी दोन-चार फ्रेमची खूण, आणि तुकड्यांच्या टोकाला आकडे. आकडे नीट असतील तर ठीक. टोकं कुजली, कोणी कापून टाकली, की कुठला तुकडा कुठे जातो हे कोडं होतं. मग सरकारी परिनिरीक्षणाचे, म्हणजे सेन्सॉरचे, कागद कामाला येतात. इटलीत ही व्यवस्था १९१३मध्ये सुरू झाली आणि त्या कागदांत पाट्यांचा मजकूर नोंदलेला सापडतो. परदेशी प्रतींचा आधार घ्यावा तर तिथल्या वितरकाने पाट्या भाषांतरित केलेल्या, प्रसंग गाळलेले. त्यातून एका दृश्यासाठी दोन कॅमेरे शेजारी ठेवून एक निगेटिव्ह देशासाठी आणि एक निर्यातीसाठी काढण्याची पद्धत असे. दोन्हीकडचे तुकडे बेसावध जोडले की नट एका क्षणात वीतभर बाजूला उडी मारतो.

त्याआधी मुळात रीळ हाताळण्याजोगं असायला हवं. नायट्रेट फिल्म हळूहळू नायट्रोजनचे वायू सोडते. हवेतल्या ओलाव्याशी त्याचं आम्ल होतं आणि ते चित्रातली चांदी आणि जिलेटीन खातं. आधी चित्र फिकटतं, मग थर चिकट होतो, मग फोड येतात, मधासारखा द्रव सुटतो, वेढे एकमेकांत गोठतात, शेवटी तपकिरी भुकटी. झाकण घट्ट लावलेला डबा हे काम वेगाने करतो, कारण वायू आतच कोंडतो. पहिल्या दोन पायऱ्यांपर्यंत प्रत काढता येते, पुढे प्रत्येक महिना मोजावा लागतो. शिवाय फिल्म आकसते. टक्का-सव्वा टक्का आकसली तरी छिद्रं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसत नाहीत आणि फाटतात. म्हणून दाते नसलेल्या रोलरवरून फिरवून स्कॅन करतात. ओरखडे असतील तर फिल्मइतकाच प्रकाश वळवणाऱ्या द्रवात बुडवून, म्हणजे ओरखडा भरून निघतो आणि दिसत नाही. पुढे संगणकावर धूळ काढणं, थरथर कमी करणं. इथे हात आवरावा लागतो. थरथर पूर्ण घालवली तर हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्याचा श्वास जातो. फिल्मचे दाणे पुसले तर अंग मेणाचं दिसतं. जुन्या मूर्तीवर शेंदराची पुटं चढवत गेलं की नाक-डोळे बुजतात, तसला जीर्णोद्धार हा.

हे काम महाग, सावकाश आणि बहुतांशी सार्वजनिक पैशावर चालणारं. तुरिनचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय हे मारिया आद्रियाना प्रोलो या बाईंनी १९४१पासून एकेक वस्तू जमवून उभं केलं. पास्त्रोनेचा वारसा तिथे आहे आणि ‘काबिरिया’चा मोठा जीर्णोद्धार २००६मध्ये तिथूनच झाला. नरकाचा चित्रपट बोलोन्याच्या संस्थेने सुधारला. कामाबद्दल तक्रार नाही. ती माणसं सोन्यासारखी आहेत. तक्रार त्यानंतरची. असं काम बोलोन्याच्या किंवा पोर्देनोनेच्या महोत्सवात हजार-पाचशे लोक पाहतात, आणि बाकीचं जग तीच दोन फूट आठ इंचांची बाहुली पाहत बसतं.

संस्थांची बाजू ऐकण्यासारखी आहे. हक्कांचा प्रश्न खरा आहे. युरोपात चित्रपटाचा हक्क दिग्दर्शक, लेखक आणि खास संगीत देणारा संगीतकार यांतल्या शेवटच्याच्या मृत्यूनंतर ७० वर्षं चालतो. पास्त्रोने १९५९मध्ये वारला, म्हणजे किमान २०२९च्या अखेरपर्यंत. पित्सेत्ती १९६८मध्ये, तो धरला तर २०३८. दिग्दर्शकाला हक्क, कवीला हक्क, ज्याच्या पाठीवर सगळं उभं त्या हमालाचा मृत्यू मात्र या मोजणीत धरतच नाहीत, ही गंमत आहेच. नव्या संगीताच्या ध्वनिमुद्रणाचे हक्क वेगळे. पण ते संगीत वगळून नुसतं चित्र देता येतं. मूकपट मुका दिला तर गुन्हा नाही. ‘चोरून विकतील’ ही भीती तर फोल आहे. चोरून विकायची ती रद्दी प्रत बाजारात आहेच. चांगली उपलब्ध नाही म्हणून तिचं फावतं.

एकच युक्तिवाद मला जड वाटतो: महोत्सवांना प्रत भाड्याने देऊन जे पैसे येतात त्यांतून पुढच्या चित्रपटाचं काम होतं. त्यावर मुदत हा उपाय. पहिली तीन वर्षं संस्थेची, त्यानंतर मध्यम दर्जाची प्रत सर्वांना खुली. मोठ्या पडद्यासाठीची उत्तम प्रत संस्थेकडेच राहो. डेन्मार्कच्या चित्रपट संस्थेने आपले शिल्लक मूकपट डिजिटल करून इंटरनेटवर मोफत ठेवायला घेतले, त्यामुळे तिथले महोत्सव ओस पडले नाहीत. अट एकच हवी, प्रत्येक प्रतीसोबत तिची जन्मपत्रिका: मूळ लांबी किती मीटर, उरली किती, कोणत्या प्रतींवरून घेतली, रंग कशाच्या आधारे ठरवले, कोणत्या पाट्या नव्याने लिहिल्या, आणि सेकंदाला किती फ्रेम. एका पानाचं काम आहे.

हे तातडीचं अशासाठी की आता यंत्रबुद्धीने ‘सुधारलेल्या’ प्रती येऊ लागल्यात. सेकंदाला ६० फ्रेम, रंगीत, गुळगुळीत. दोन खऱ्या फ्रेमच्या मधल्या फ्रेम यंत्र कल्पनेने भरतं. म्हणजे ठोसा लागण्याचा क्षण, साखळी तुटण्याचा क्षण, जो मूळ फ्रेमच्या फटीत होता, तो कधीच न घडलेल्या चित्रांनी भरला जातो, आणि दणका लोण्यासारखा होतो. आणि रंग देताना १९१४च्या माचिस्तेच्या अंगाला यंत्र कोणता रंग देणार? काळा द्यावा तर लेपाचं सोंग खरं ठरतं, गुलाबी द्यावा तर सोंग होतं हेच नाहीसं होतं.

पुण्याला हे परकं वाटू नये. भारतात तेराशेहून अधिक मूकपट झाले; पूर्ण-अपूर्ण मिळून वाचले ते तीसच्या आसपास. ‘राजा हरिश्चंद्र’ची चारपैकी दोन रिळं, पहिलं आणि शेवटचं, आहेत ती पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायर यांच्या खटपटीने. जानेवारी २००३मध्ये पुण्यात नायट्रेटच्या कोठाराला आग लागली. नायट्रेट जळताना स्वतःचाच ऑक्सिजन पुरवतं, पाणी ओतून ती आग विझत नाही. आणि जे वाचलंय तेही कार्यक्रमांतून, बातम्यांतून आपण पाहतो ते पळतं. फाळक्यांची माणसं लगबगीने चालतात म्हणून निवेदक हसतो. तारामती झालेल्या साळुंक्यांचा पदर सावरण्याचा ठेहराव कोणी पाहिलाय?

चांगली प्रत मिळेपर्यंत घरच्या घरी थोडं करता येतं. चित्रफीत थांबवून एकेक फ्रेम पुढे न्या. यूट्यूबवर पूर्णविरामाच्या कळीने पुढची फ्रेम येते, स्वल्पविरामाच्या कळीने मागची. दर तीन फ्रेमनंतर एक तशीच पुन्हा येत असेल, तर प्रत १८च्या वेगाची आहे आणि २४मध्ये नीट बसवलेली. तिला हात लावू नका. एक फ्रेम खरी आणि दुसरी दोनदा, असं आलटून पालटून असेल तर ती १६ची. पुनरावृत्ती मुळीच नसेल आणि माणसं पळत असतील, तर वेग ०.७५ करा. २४चे १८ होतात. मग जात्याचा प्रसंग पुन्हा लावा आणि माचिस्तेच्या पायांकडे पाहा, टाच टेकल्यावर पुढचं पाऊल उचलायला त्याला किती वेळ लागतो ते.